बिनसहीची फाइल

डोंगलचा दिवा लुकलुकला तेव्हा शिवकन्याचे हात जेवणाच्या डब्यात होते. भाकरी मोडता मोडता ती थांबली. हा दिवा सही होतानाच लागतो, आणि सही तर कोणी करत नव्हतं.

चुडाव्याजवळच्या गावात ती ग्रामपंचायतीची ऑपरेटर. डोंगल सरपंच तानुबाईंचं. बोटाएवढी वस्तू, कॉम्प्युटरला खोचून नंबर टाकला की कागदावर त्यांची सही पडते. तानुबाई मेंढरांच्या घरातल्या. नवरा बिरू कळपामागं रानात. राखीव जागेवर निवडून आल्या तेव्हा पहिल्याच दिवशी त्यांनी डोंगल शिवकन्याच्या हातात दिलं. "ठिव तुझ्यापाशी. माझ्या घरी कोकरू गिळून टाकील." सगळे हसले. तेव्हापासून डोंगल तिच्याकडे आणि नंबरही तिच्याकडेच. आसपासच्या गावांतही असंच चालतं.

गेल्या आठवड्यात कॉम्प्युटरने सही करायचंच सोडलं. एक डीएलएल फाइल सापडत नाही, एवढंच पडद्यावर. डीएलएल म्हणजे प्रोग्रामची हत्यारांची पेटी. ती नसली की प्रोग्राम लुळा. शिवकन्याने ऑपरेटरांच्या ग्रुपवर विचारलं. कुणीतरी फाइल पाठवली. "अँटीव्हायरस बंद करून टाका, चालतंय." चाललं. तिने जोडलेल्या हातांचं चित्र पाठवलं. कोणाला, ते पाहिलं नाही.

आता तिने उष्ट्या हातानेच डोंगल उपसलं. ते कोमट लागलं, नुकतंच कोणाच्या मुठीतून सुटल्यासारखं. रोज टाकलेला नंबर त्या नव्या फाइलीने तर टिपून ठेवला नसेल? तिने फाइलीची माहिती उघडून बघितली. खऱ्या कंपनीच्या फाइलीवर बनवणाऱ्याची सही असते. आत जाऊन बघितलं की नाव दिसतं. शेजारच्या जुन्या फाइलींवर होतं. हिच्यावर ती जागाच नव्हती. दुसऱ्याच्या सह्या करणारी, आणि स्वतः बिनसहीची. ग्रुपवरच्या त्या नंबरला फोन लावला. बंद.

गप्प बसावं, असंही वाटलं. कोणी पाहिलं नव्हतं. पण खिडकीतून कोणी डोकावलं तरी तिचा हात मुठीतल्या डोंगलभोवती आवळत होता. शेवटी तिने कुलूप लावलं.

तानुबाई अंगणात मेंढी कातरत होत्या.

"काकू, तुमची सही कोणीतरी करायलाय."

"कोन? पडलेला सरपंच व्हय? त्याला त्याची तर येती का!"

"माणूस न्हाई, काकू. फाइल हाय. मीच टाकली. बनवणाऱ्याची खूण न बघता."

"म्हंजे बिनखुणेचं मेंढरू कळपात घेतलंस." तानुबाई हसल्या. मग कातर थांबली. "आमच्यात कानाला काप नसलेलं जित्राब आलं का पहिलं इचारत्यात, चुकून आलं का कोनी सोडलं?"

"सोडलंय."

"कशाकशावर केली सही?"

"मालूम न्हाई."

मेंढी अर्धी कातरलेली तशीच सुटून गेली. तानुबाईंनी तिला धरलं नाही.

परभणीत डोंगल काढून देणारा सिद्धोधन मान खाली घालून काम करत राहिला. सही रद्द करायचा अर्ज झाला, ओळखीची खात्री झाली. "आता ही सही मेली," तो म्हणाला. "पण आधी झाल्यात त्या तुमच्याच धरत्यात."

"कुठं झाल्यात, ते दिसत न्हाई का?" शिवकन्याने विचारलं.

"इथं न्हाई दिसत, ताई. ज्याच्याकडं कागद असंल तो घेऊन येईल, तवा कळंल."

"आन न्हाई आला तर?" तानुबाईंनी विचारलं.

"तर वाट बघा."

"किती दिवस रे बाबा?"

सिद्धोधन वाईट माणूस नव्हता. त्याने दोघींना चहा विचारला. दोघींनीही नको म्हटलं.

ऑटोच्या थांब्यावर दोघी एकमेकींना लागून उभ्या राहिल्या. "तुझं नाव मी सांगनार न्हाई," तानुबाई म्हणाल्या. शिवकन्याला बरं वाटायला हवं होतं. पण ते म्हणताना त्यांचे डोळे येणाऱ्याजाणाऱ्यांच्या हातांवर होते.

इतक्यात एक परगावचा माणूस घडी केलेला कागद उलगडत आला. "मावशी, कृषी विद्यापीठ कुणीकडं? ह्यावर लिव्हलंय बघा..."

तानुबाईंनी दोन्ही हात पदराखाली ओढले. "मला दावू नको!"

माणूस भांबावला. त्याने कागद शिवकन्यापुढे धरला. पत्ता तिच्या ओळखीचा होता. तरी तिची नजर कागदाच्या तळाशी सही शोधत होती.