स्नेहपंथाचं सोनं

हे माझ्या तोंडून आजवर कुणी ऐकलेलं नाही. आई न ऐकताच गेली, बुवाही गेले. तुम्हाला सांगते, कारण तुम्ही मला ओळखत नाही — ओळखीच्या माणसासमोर हे बोलायची माझी अजून तयारी नाही. नसू दे.

पन्नास-बावन्न सालचा सुमार. केनवडच्या बाहेर, नाल्यापलीकडे आमचा मठ होता. आम्ही त्याला स्नेहपंथ म्हणायचो — स्नेह म्हणजे तेल-तूप. गाव चरबीमठ म्हणायचं आणि नाकाला पदर लावायचं. मठ चालवणाऱ्या बुवांची शिकवण साधी होती — तांबं म्हणजे उपाशी सोनं. पारा, गंधक सगळं थोतांड. तांब्याला तेल पाजा, तूप पाजा, चरबी पाजा. पोट भरलं की ते आपोआप सोनं होतं. आधी करडईचं तेल, मग म्हशीचं तूप, मग बकऱ्याची चरबी, शेवटी घोरपडीचं तेल. हसताय? हसा. मीही मनातून हसायचे.

मग राहिले कशाला? सांगते. नवऱ्याच्या घरी माझं नाव 'ए' होतं. जळतं लाकूड पाठीवर बसलं त्या दुपारी मी निघाले. माहेरची वाट बंद होती. मठात बुवांनी विचारलं, "चरबी कढवता येते का?" येत होती. त्या दिवसापासून मी गयाताई झाले. ताई, कढई उतरवू का? ताई, आच बरी आहे का? मी नाही म्हटलं की पुरुष माणसं थांबायची! असं कधी कुणी थांबलं होतं का माझ्यासाठी?

पण तांबं काही सोनं होईना. एकेक करत शिष्य गेले. उरला सुदाम — मालेगावकडचा, मोठ्या हाडाचा, भोळा. एक दिवस सकाळी त्यानेही गाठोडं बांधलं.

"ताई, मी चाललो. कौसल्या एकटीच वावर पाहून राह्यली. बुवाही म्हणतेत, आता मठ मोडतो. तुमी बी जा आपल्या घरी."

आपल्या घरी. तो चांगल्या मनाने बोलला हो. पण माझं घर कुठलं?

त्याला म्हटलं, कढईत तांब्यावर एवढी शेवटची चरबी घातली आहे, निवेपर्यंत थांब. तो नाल्यावर अंघोळीला गेला. मी गळ्यातलं मंगळसूत्र तोडलं, त्याच्या वाट्या वरवंट्याने ठेचून गोळा केला आणि कोमट चरबीत ढकलून दिला. काळे मणी चुलीत. वाईट वाटलं का? नाही. खरं सांगते, त्या माणसाचं सोनं आयुष्यात पहिल्यांदा माझ्या कामी आलं.

दुपारी थिजलेली चरबी खरवडताना सुदामच्याच बोटाला तो गोळा लागला. तो ओरडला नाही — गोळा धोतराला पुसून त्याने बुवांपुढे धरला. बुवा लहान मुलासारखे रडले. मंगळसूत्राचं कुणी विचारलं तर मी म्हणायचे, नाल्यात फेकून दिलं. सगळ्यांना ते पटलं.

इथवरचं मला काही वाटत नाही. पुन्हा ती सकाळ आली तर पुन्हा तोडीन.

पुढचं सांगायला मात्र — थांबा. पुढचं असं, की सुदामने गाठोडं सोडलं. पुन्हा सोनं काढायचंच, या एका ध्यासाने तो कढईशी बसायला लागला. त्याची घाई मला दिसत होती. 'सुदाम, ते सोनं माझं होतं रे' — एवढं एकच वाक्य. मी ते गिळत राहिले. चातुर्मासात एका दुपारी त्याने तांब्याचे तुकडे धुतले आणि पुसायचं विसरून तसेच ओले उकळत्या चरबीत टाकले. कढई फुटल्यासारखी उसळली. त्याचे दोन्ही डोळे गेले.

कौसल्या गाडी घेऊन आली. बारीक बाई, पायात धूळ. तिने नवऱ्याला गाडीत बसवलं आणि माझ्याकडे आली.

"बाई, तुमी आपल्या डोयानं सोनं पाह्यलं होतं ना?"

कुणी अडवलं होतं मला? बुवा आत होते. आसपास माणूस नव्हतं. गाडीतून सुदाम कान देऊन होता, हे खरं — पण तेही कारण सांगत नाही.

"पाह्यलं," मी म्हणाले.

"मंग त्यायचे डोये फुकट नाई गेले," ती म्हणाली, आणि गाडी हाकली.

तिनेच ते वाटेवरच्या गावागावांत सांगितलं. माणसं आली. गावाने नाकाचा पदर काढला. मठावर पत्रे चढले, रांजण भरले, आणि बुवा गेल्यावर गादीवर मी बसले. बाई गादीवर! जे मला 'ए' म्हणायचे, त्या घरचे लोकही दर्शनाला येऊन गेले. मला आवडलं. खोटं कशाला बोलू — फार आवडलं.

एका पौर्णिमेला कौसल्या आली, सुदामचा हात धरून. तिच्या केसांत पांढरं दिसत होतं. तिने आधी त्याचा हात माझ्या पायांवर टेकवला, मग स्वतः वाकून डोकं ठेवलं.

मी पाय मागे घेतले नाहीत. तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि आशीर्वाद दिला.