मखर आणि पुठ्ठेवाली आजी

गणपतीच्या आदल्या दिवशी मी अतिशहाणीने पुठ्ठ्याचं मखर रंगवलं आणि वाळायला इथे परदेशात, सेंगकांगच्या आमच्या इमारतीखाली ठेवलं. तिथूनच पुठ्ठे गोळा करणारी चिनी आजी रोज ढकलगाडी न्यायची. खोका मोडण्याआधी आत मांजराचं पिल्लू नाही ना, हे ती वाकून बघायची. मखरातही बघितलं असणार; पण देव उद्या यायचा होता, आत रिकामंच. मी खाली आले, तर मखर सपाट होऊन गाडीवर बांधलेलं! आता हिला इंग्रजीत मखर कसं समजावणार? रडत रडत मी हाताची सोंड केली, हवेत मोठ्ठं पोट काढलं. ती हसली. गाडीतला सगळ्यात जाड, फ्रिजचा खोका काढून तिने सुतळीने नवं मखर बांधलं आणि जाताना इथल्या खास इंग्रजीत मला दटावलं, "गॉड सो फॅट, युअर बॉक्स सो थिन. कॅनॉट लाह!"