आमच्या बाईंची साक्ष

ऐंशीच्या दशकात मी अमेरिकेच्या दक्षिणेतल्या एका सरकारी मनोरुग्णालयात डॉक्टर होतो. आजूबाजूला तंबाखूची शेतं. तिथले डॉक्टर अशा जागी टिकत नसत, म्हणून भारतातून आलेल्या आमच्यासारख्यांना नोकरी मिळे. आमच्या अधीक्षक बाई मात्र त्याच गावच्या. उंच, पन्नाशीच्या, बोलायला तुटक.

वॉर्डात कामाला माणसं कमी, त्यामुळे भटकणाऱ्या रुग्णांना दुपारभर खुर्चीला पट्ट्याने बांधत. एका रुग्णाच्या बहिणीने खटला भरला. न्यायाधीशांनी हुकूम दिला: बांधणं बंद करा, त्यासाठी लागतील तेवढी माणसं नेमा. राज्याच्या राजधानीतल्या आरोग्य खात्याने मान डोलावली आणि वर्षभर एकही माणूस नेमला नाही. बहीण पुन्हा कोर्टात गेली. आता खात्याच्या सचिवांवरच कोर्टाच्या अवमानाची सुनावणी लागली. साक्षीला बाई आणि मी.

आदल्या दिवशी खात्याचा वकील आला. "विचारलं तर सांगा, अंमलबजावणी चालू आहे."

"कुठे चालू आहे?" बाई म्हणाल्या. "दाखवा, म्हणजे सांगते."

"तुमची खुर्ची सचिवसाहेबांच्या हातात आहे, एवढं लक्षात असू द्या."

मी घरी बायकोला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "खरं ते सांगा. नोकरी गेली तर दुसरी बघू. आता जेवा, गार होतंय."

न्यायाधीश वृद्ध होते, कानाला यंत्र लावलेले. त्यांनी बाईंना विचारलं, "माझा हुकूम तुमच्याकडे पाळला जातो का?"

"नाही, युअर ऑनर."

"कालही कोणाला बांधलं होतं?"

"हो. परवानगी मीच दिली. दोन परिचारकांवर अख्खा वॉर्ड होता. सोडलं असतं तर कोणीतरी हायवेवर गेलं असतं. पण हुकूम मोडला तो मीसुद्धा. शिक्षा असेल तर मलाही द्या."

माझे वडील कलेक्टर कचेरीत होते. साहेबासमोर असं बोललेल्या माणसाबद्दल त्यांच्या तोंडून मी कधी ऐकलं नव्हतं. पण बाईंनंतर साक्षीला उभं राहून खरं बोलणं मला जड गेलं नाही.

न्यायाधीशांनी आवाज चढवला नाही. सचिवांकडे वळून म्हणाले, "या बाईंकडे माणसं नव्हती. तुमच्याकडे अधिकार होता. अवमान तुम्ही केलाय. महिन्याभरात नेमणुका करा, नाहीतर तुरुंगात बसून कराव्या लागतील."

महिना भरायच्या आत नवे परिचारक आले. पट्टे निघाले. पुढच्या रविवारी ती बहीण भावाला हिरवळीवर घेऊन गेली. तो इतक्या भराभर चालत होता, की ती मागून हसत धावत होती.

बाईंची मात्र त्याच वर्षी राजधानीत, खात्याच्या मुख्य कचेरीत बदली झाली. काम काहीच नाही, नुसतं एक टेबल.

निरोपाला मी म्हणालो, "वाईट झालं."

"वाईट कसलं? आता त्यांच्या शेजारीच बसणार. रोज विचारीन, हुकूम पाळला जातोय ना."

आणि निवृत्त होईपर्यंत त्या विचारत राहिल्या. खात्यातला एक कारकूनच मला हे कुरकुरत सांगत होता.