न पडलेला दरवाजा

ग्रिल रंगवायला आज रेड ऑक्साइडचा डबा उघडला आणि त्या वासाने तो दरवाजा आठवून माझं डोकं पुन्हा फिरलं. कंपन्यांच्या नाट्यस्पर्धेसाठी चाकणच्या आमच्या कंपनीचं नाटक मी बसवत होतो. शेवटी मुलगा लाथ मारून दरवाजा पाडतो आणि बापाचं घर कायमचं सोडतो. सगळं नाटक त्या एका लाथेवर उभं होतं. नेपथ्याच्या पुस्तकातला पुठ्ठ्याचा, धक्क्यासरशी पडणारा दरवाजा मी आमच्या वेल्डरला दहादा दाखवला. त्याने मान डोलावली आणि स्पर्धेच्या दिवशी टेम्पोतून अस्सल लोखंडी दरवाजा उतरवला, चौकटीसकट, रेड ऑक्साइड अजून ओला. "पुठ्ठ्याचा कसला राव? कंपनीची इज्जत हाय!" दुसरा करायला वेळच नव्हता. प्रयोगात मुलाने लाथ घातली, दरवाजा ढिम्म. दुसरी घातली आणि तो पाय धरून खालीच बसला. तेव्हा बापाचं काम करणारा आमचा स्टोअरकीपर खुर्चीतून उठला, कडी काढली आणि हळूच म्हणाला, "जा बाळा." विंगेत मी कपाळावर हात मारून घेतला. बक्षीस देताना परीक्षक म्हणाले, बापानेच दार उघडणं हा दिग्दर्शकाने लावलेला धाडसी अर्थ आहे. टाळ्या वाजवता वाजवता वेल्डर माझ्या कानाशी वाकला, "बघितलं? पुठ्ठ्याचा असता तर पडला असता." आज ग्रिलवर माझा ब्रश जरा जोरातच फिरतोय.