गोंदणाखालचं गोंदण

काकींच्या इंग्रजी गोष्टीत आपलं नाव येऊ नये म्हणून आमच्या आळीतल्या बायका नवस बोलत. आणि तरीही दुपारी वाल सोलायला सगळ्या काकींच्याच पडवीत येत.

त्याचं असं होतं. काकी मांडीवर इंग्रजी कादंबरी उघडी ठेवत आणि मराठीत गोष्ट सांगत. पुस्तकं शंभर-सव्वाशे वर्षांची जुनी. ठाणं सोडून विलायतेला निघालेल्या कोणा साहेबाच्या सामानाचा लिलाव झाला, तेव्हा काकींच्या वडिलांनी घेतलेली. वडील कलेक्टर कचेरीत भाषांतरकार. मुलगा नाही, डोळे अधू होत चाललेले, म्हणून त्यांनी विधवा होऊन परत आलेल्या अकरा वर्षांच्या मुलीला इंग्रजी शिकवलं, वाचून दाखवण्यापुरतं. वडील गेले तेव्हा काकींच्या वाट्याला त्या पुस्तकांची पेटी आली आणि सासरच्या पुतण्याच्या घरातली मागची पडवी.

इंग्रजी नावं बायकांच्या तोंडात बसत नाहीत, या सबबीवर काकी त्या जागी समोर बसलेल्यांचीच नावं घालत. दाराआडून ऐकणारी घरमालकीण आली की तिचं नाव गोदूताई. खऱ्या गोदूताई शेजारच्या, समोरच बसलेल्या. त्या रडत उठून गेल्या, तीन दिवस आल्या नाहीत, चौथ्या दिवशी सूप घेऊन हजर झाल्या आणि म्हणाल्या, "पुढे काय झालं त्या मेलीचं?"

"कोणत्या मेलीचं? तुमचं?" काकींनी विचारलं.

काकींच्या तांबड्या लुगड्याचा पदर केशवपन केलेल्या डोक्यावरून घट्ट घेतलेला, नाक धारदार, दात शाबूत. त्या कधी हसत नसत, दुसऱ्यांना हसवून एखादीला एकटं पाडत. एका कादंबरीत मोलकरीण होती. धनी तिच्या मागे लागलेला आणि ही प्रत्येक संकटाचं वर्णन आईबापांना पत्रातून कळवणारी. काकी वाचता वाचता थांबत. "दाराला कडी नाही, धनी खोलीत शिरलाय, आणि ही बसलीय लिहीत. अगं, दौत उचल आणि घाल त्याच्या डोक्यात!" शेवटी त्या दोघांचं लग्न लागलं तेव्हा बायकांनी निःश्वास सोडला. काकी म्हणाल्या, "चोराला घराची किल्ली दिली की चोरी होत नाही, एवढाच याचा अर्थ." त्यांचं एक वाक्य ठरलेलं होतं: "सुरुवात कोणीही शूरपणानं करतो. लिहिणाऱ्याची छाती शेवटाला कळते."

मी त्या घरातली नव्हे. मोठ्या दुष्काळात घाटावरून माणसं खाली उतरली, त्यात ठाण्याच्या स्टेशनाबाहेर मी सापडले. पाचेक वर्षांची असेन. काकींचे पुतणे अण्णा वकील होते, ते मला घरी घेऊन आले. त्यांच्या पत्नीला मी मामी म्हणे. चिमी हे नाव मामींनी ठेवलं. पाणी आणि स्वयंपाक सोडून सगळं काम मला होतं. जेवण पोटभर मिळे, पण वरून वाढत. स्वयंपाकघराचा उंबरा मी कधी ओलांडला नाही, कारण माझी जात कोणालाच ठाऊक नव्हती. डाव्या हातावर मनगटाच्या वर गोंदण होतं: तीन ठिपके, त्याखाली आडवी कोयरी आणि तिला टेकलेल्या दोन रेघा. माझ्याबरोबर आलेली वस्तू म्हणाल तर तेवढीच. भांडी घासताना राख लावून मी ते जपून पुसत असे. कोणी तरी येईल, हात बघेल आणि म्हणेल, "ही तर अमक्याची!" असं मला रोज वाटे.

मी अकरा-बारा वर्षांची झाले तेव्हा काकींनी नवी कादंबरी काढली. श्रीमंताच्या उंबऱ्यावर टाकलेलं पोर. आईबापांचा पत्ता नाही. पुस्तकात तो मुलगा होता. काकींनी त्याची मुलगी केली आणि माझ्याकडे पाहून म्हणाल्या, "हिचं नाव चिमी."

बायकांची सुपं थांबली. त्या दिवसापासून मी आळीत दोन झाले. पाणी भरून येताना गोदूताई विचारत, "काय गं, काल तुला घराबाहेर काढलं ना?" पुस्तकातल्या चिमीच्या खांद्यावर लाल डाग होता. तो डाग ओळखणारी एक म्हातारी दाई कुठेतरी जिवंत आहे, हे काकींनी मध्येच सांगून टाकलं. माझी झोपच गेली. दाई कधी येणार, हे विचारायचं धाडस मला नव्हतं. विचारलं असतं तर काकींनी तेही भर पडवीत सांगितलं असतं.

त्याच सुमारास मामींनी माझ्यासाठी स्थळ पाहिलं. कल्याणचा कारकून, दोन बायका गेलेला, वय चाळिशीपुढे. त्याला कोणी मुलगी देत नव्हतं. त्याची आई पाहायला आली ती दुपारी, वाल सोलायच्या वेळी. तिनं माझे दात पाहिले, मला चालायला लावलं आणि मामींना म्हणाली, "मुलगी धडधाकट आहे हो. पण आमच्यातली आहे की नाही हे कळायला नको? गोंदणाऱ्या बायकांना हातावरून मूळ कळतं म्हणतात. दाखवून घ्या एकदा. आमच्यातली निघाली तर याच महिन्यात नेते."

"आणि नाही निघाली तर?" काकींनी विचारलं.

म्हातारीनं मामींकडे पाहिलं. मामी वालाकडे बघत म्हणाल्या, "मग मलाही पाहायला हवं. इतकी वर्षं अंगणात ठेवली खरी. पण एकदा कळल्यावर कसं ठेवणार?"

मला तो कारकून हवा होता की नको, हे कोणी विचारलं नाही. मलाही त्याचं काही वाटत नव्हतं. माझा हात कोणीतरी वाचणार होतं, एवढंच मला कळलं होतं. मी कोपरापर्यंत हात धुतला आणि पुसून बसले.

गोंदणारी बाई लगेच तळ्याकडच्या बाजारातून बोलावली. पाठीला झोळी, हातात सुयांची जुडी. ती माझ्यासमोर उकिडवी बसली, हात उन्हात धरला, अंगठ्यानं कातडी ताणली आणि हसली. "आगं बया! ही खून मला ठावं हाय. ह्ये गोंदान निस्तं आमच्या वरल्या मुलखात..."

"बाई," काकी म्हणाल्या, "तुला गोंदायला बोलावलंय, वाचायला नाही."

"काकी, अहो, वाचायलाच तर..." मामी म्हणाल्या.

"तू गप्प बस. नाहीतर उद्या या गोष्टीत सावत्र आई यायची आहे, तिला नाव हवंय." मामींनी सूप पुढे ओढलं. काकी उठल्या आणि पहिल्यांदा आणि शेवटचं मला शिवल्या. माझं मनगट त्यांनी गुडघ्याखाली दाबलं. "यावर तुळशीवृंदावन काढ. भरगच्च. खालचं तिळभर दिसता कामा नये."

मी ओरडले. "काकी, तिला बोलू द्या! आधी बोलू द्या!" काकींनी पदराचा बोळा माझ्या तोंडात दिला. वृंदावन कसलं, काजळीचा चौकोनच झाला. रक्त आणि काळं मिसळून कोपरापर्यंत ओघळलं. ठिपके गेले, मग कोयरी, मग रेघा. कल्याणची म्हातारी चपला घालून निघून गेली. जाताना म्हणाली, "झाकताय म्हणजे काय ते कळलंच." काम झाल्यावर काकी गोंदणारीला मागच्या दारापर्यंत पोचवायला गेल्या. मला शिवल्या होत्या, म्हणून आल्यावर विहिरीवर आंघोळ केली.

दुसऱ्या दिवशी त्यांनी कादंबरी संपवली. "दाई आली. पण ती आंधळी झाली होती. चिमीचे आईबाप कोण ते कोणाला कधीच कळलं नाही. ती शिकली, स्वतःच्या हातानं पोट भरू लागली. संपलं."

"अहो, असं कसं?" गोदूताई कळवळल्या. "पोरीला कोणीच नाही?"

"नाही," असं म्हणून त्यांनी पुस्तक मिटलं. मी सुजलेला हात मांडीवर घेऊन बसले होते. माझ्याकडे बघून म्हणाल्या, "डावा दुखतोय ना? उजवा मोकळा आहे. पाटी आण."

अशी मी शिकले. काकी शिकवत त्यात माया नावाला नव्हती. चुकलं की म्हणत, "स्टेशनावर ठेवून येऊ परत?" मी चुकायची बंद झाले. चार-पाच वर्षांनी ती कादंबरी मी स्वतः वाचली आणि शेवटाला पोचले. दाई आंधळी नव्हती. तिनं डाग ओळखला. तो मुलगा मोठ्या घराण्यातला निघाला. त्याला वाडा मिळाला, बायको मिळाली, छळणारे सगळे पाया पडले.

मी पुस्तक घेऊन पडवीत गेले. "काकी, तुम्ही खोटं सांगितलंत."

"खोटं त्यानं लिहिलंय. सहाशे पानं ओरडतो की माणूस कुळानं मोठा होत नाही. आणि शेवटी भ्याला, दिलं कूळ काढून. मी दुरुस्त केलं."

"आणि माझा हात?"

"त्याचं काय?" त्यांनी खरंच विचारलं. मग वाल सोलू लागल्या.

गोदूताई आता म्हणतात, काकींनी तुला वाचवलं. जात जुळली असती तर त्या म्हाताऱ्याच्या गळ्यात पडली असतीस, नसती जुळली तर रस्त्यावर. हिशेब बरोबर आहे. पण मी काकींजवळ पंधरा वर्षं काढली, गोदूताईंनी नुसत्या दुपारी काढल्या. काकींना माझी कणव आली होती असं मला वाटत नाही. एक वाईट शेवट त्यांच्या डोळ्यांत वर्षानुवर्षं खुपत होता. लिहिणाऱ्याचा हात धरता येत नव्हता. माझा धरता आला.

पुढे पुण्याला मास्तरणीचं शिक्षण घेऊन मी कल्याणच्या मुलींच्या शाळेत लागले. काकी अंथरुणाला खिळल्याचं कळलं तेव्हा ठाण्याला गेले. पडवी तीच. बोलताना धाप लागत होती, पण जीभ होती तशीच होती. "आलीस? रडायला आली असशील तर बाहेर बस. मामी आहे तिथे."

"रडायला नाही. एक विचारायचंय. ती गोंदणारी मागच्या दारी तुम्हाला काही म्हणाली होती?"

"म्हणाली होती. मीच विचारलं. गाव, जात, सगळं सांगितलं तिनं."

इतक्या वर्षांनीही माझा उजवा हात आपोआप डाव्यावर गेला. "मग सांगा."

काकींनी माझ्या हाताकडे पाहिलं. ती नजर मला ओळखीची होती. एखाद्या पानावर लेखक घसरणार असं दिसलं की त्या तशा बघत.

"शाळेत मुलींना गोष्टी सांगतेस?"

"सांगते."

"ती उंबऱ्यावरच्या पोराची?"

"सांगते."

"शेवट कोणता सांगतेस?"

मी डाव्या हातावरचा हात काढला. मग म्हटलं, "तुमचा."

"मग मला काय विचारतेस, मूर्खे?" त्या म्हणाल्या आणि भिंतीकडे तोंड करून पडल्या. दोन दिवसांनी गेल्या. तोंड पुन्हा माझ्याकडे वळवलं नाही.

हातावरचा काळा चौकोन अजून आहे. मुली विचारतात, "बाई, हे काय आहे?" मी तुळशीवृंदावन म्हणून सांगते. एखादी धीट मुलगी म्हणते, "तसं दिसत नाही हो." मी तिला पाटी आणायला सांगते.