बाटलीचा गळा कापणारे आजोबा

उभ्या आयुष्यात मी एकाच माणसावर जळलो, आणि त्याच्याकडे धड दोन कोटही नव्हते. ऐंशीच्या सुमाराला अमेरिकेत, जर्सी सिटीत माझं जुन्या फर्निचरचं दुकान होतं. रिकाम्या हाताने आलो आणि नुसत्या घासाघिशीवर ते उभं केलं. हे मलाच सांगावं लागतं, कारण दुसरं कुणी सांगत नाही. दुकानाच्या वरच्या खोलीत मिसिसिपीहून आलेला एक म्हातारा राहायचा. गिटारवर ब्लूज, म्हणजे तिकडच्या काळ्या लोकांची दुखरी गाणी, वाजवायचा, पण बोटांनी तारा दाबून नव्हे. बाटलीचा गळा कापून तो करंगळीत घालायचा आणि तारांवरून सरकवायचा. मग ती गिटार माणसासारखी अशी हुंदके द्यायची, की माझं गिऱ्हाईक हातातली खुर्ची ठेवून ऐकत राहायचं. झाला माझा धंदा!

बाटल्या तो माझ्याच कचऱ्यातून निवडायचा. कासाराने बांगडी पारखावी तशी एकेक उजेडात धरायचा, करंगळी घालून बघायचा आणि शंभरातली एक ठेवायचा. केस वाढवलेले नामांकित गिटारवाले लांबून येऊन जिन्यावर त्याच्या पायाशी बसायचे. त्यांच्या रेकॉर्डी देशभर गाजत होत्या आणि हा त्यांना सांगायचा, "घाई कशाला, पोरांनो? तार कुठे पळून चाललीय?" आमची ही त्याला आजोबा म्हणायची, लिंबाचं लोणचं वर पाठवायची आणि मला सुनवायची, "अहो, त्यांच्याकडून जरा गोड बोलायला शिका!"

"मीही बाटली घालू का करंगळीत?" मी ओरडायचो.

पण खरं दुखणं आमची चौदा वर्षांची मुलगी. माझ्या दहा वाक्यांना तिचं एकच उत्तर, "डॅड, प्लीज!" आणि शाळा सुटली की तडक वर, आजोबांकडे शिकायला. शेवटी मीही पेटलो. तिच्यासाठी गिटार घ्यायला गेलो. दुकानातल्या एका गिटारच्या तारा लाकडापासून चांगल्या उंच होत्या. हा दोष दाखवून मी दुकानदाराला तासभर पिळला, भाव निम्म्यावर आणला आणि वर तारा फुकटात खाली बसवून घेतल्या. छाती काढून गिटार वर नेली. म्हाताऱ्याने काच टेकवली, तर नुसता खडखडाट! काच सरकवायला तारा उंचच लागतात, हे मला कोण सांगणार?

"डॅड, यू रुइन्ड इट!" मुलगी रडायलाच लागली.

म्हाताऱ्याने माझ्या कानावरची पेन्सिल काढली आणि गिटारच्या मानेच्या टोकाशी तारांखाली सरकवली. तारा उचलल्या, सूर लागला. मग तो तिला म्हणाला, "तुझ्या बापाने लाकूड मात्र पारखून घेतलंय." मी लाकडाकडे ढुंकूनही पाहिलं नव्हतं. त्याने चार शिव्या दिल्या असत्या तर मी त्याला माफ केलं असतं.

पुढच्या हिवाळ्यात तो गेला. पेपरात मोठा फोटो आला. ते गिटारवाले चर्चमध्ये लहान मुलांसारखे रडले. मुलीने गिटार पलंगाखाली सारली ती सारलीच. वसंतात एका दुपारी ती दुकानात येऊन उभी राहिली.

"डॅड, त्यांची ती स्लो ट्यून कशी होती? आय कान्ट रिमेंबर."

जळत का होईना, इतकी वर्षं खाली बसून मी दुसरं काय ऐकलं होतं? गुणगुणू लागलो. ती विकायच्या सोफ्यावर माझ्याशेजारी बसली. शेवटच्या वळणाशी मी अडलो. तिने पुढे न्यायचा प्रयत्न केला, तीही तिथेच अडली. ते वळण आता कुणाला विचारायचं? आम्ही पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली.