निनावी पत्रावर माझी सही

माणसाने मूर्खपणा करावा, कोण नको म्हणतंय? पण निदान त्याच्याखाली आपलं नाव-पत्ता लिहू नये. मी लिहिला. तोही सुवाच्य अक्षरात, पिनकोडसकट. चहा येईपर्यंत सांगून टाकतो. हसायचं तेवढं हसा, मला सवय झालीय.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. मुलुंडला चाळीत मी आणि आई, दोघंच. अंधेरीच्या एका सरकारी कचेरीत मी आवक-जावक कारकून होतो. म्हणजे काय, तर आलेलं पत्र वहीत चढवायचं आणि जाणाऱ्या पत्राला जावक नंबर द्यायचा. सहा वर्षं दुसरं काही केलं नव्हतं. लग्नसुद्धा नाही.

तर नुकतंच एक स्थळ आलं होतं. बोरिवलीच्या सामंत मास्तरांची सुनंदा. ती शाळेत शिकवायची. मास्तर स्वतः निवृत्त विज्ञान शिक्षक, आणि दर रविवारी गुंडाळीचा फळा काखेत मारून कुठे ना कुठे अंधश्रद्धेविरुद्ध भाषण द्यायला जायचे. बघायला गेलो तर पोह्यांच्या आधी प्रश्न आला.

"परब, मांजर आडवं गेलं तर काय करता?"

"काही नाही. त्याला म्हणतो, बाबा तू हो पुढे, मला बस पकडायचीय."

आत कुणीतरी फिसकन हसलं. ती सुनंदा होती. मी तिथल्या तिथे खलास. अहो, सव्वीस वर्षांत माझ्या विनोदाला कुणी हसलं नव्हतं. मास्तरही खूश दिसले. म्हणाले, "जावई गरीब चालेल मला, भोळसट चालणार नाही. महिन्याभरात कळवतो."

महिनाभर. आणि आठवड्याच्या आत आमच्याकडे ते पोस्टकार्ड आलं.

तुमच्याही घरी आलं असेल. तेव्हा कुणाच्या घरी आलं नव्हतं? एका गावच्या देवळात नाग निघाला, तो माणसासारखा बोलला, आणि आता हे पत्र एकही अक्षर न गाळता, जसंच्या तसं एकवीस जणांना नऊ दिवसांत लिहा. बोरिवलीच्या एकाने लिहिली, त्याला बढती मिळाली. घाटकोपरच्या एकाने फाडलं, तो जिन्यावरून पडला. खाली सही नाही, पत्ता नाही. मी हसून ते कपाटावर टाकलं.

आईने मात्र जेवण सोडलं.

"झिला, लिवन टाक," ती म्हणाली. "तुझा लगीन मोडला तर मी कोणाक विचारू?"

"आई, मुलीचा बाप अंधश्रद्धेवर भाषणं देतो. त्याला कळलं तर तेच मोडायचं कारण होईल."

"त्याका कळतला कसा? नाव खंय लिवचा आसा?"

बरोबर होतं तिचं. नाव लिहायचंच नव्हतं. दोन दिवस तिने नुसत्या चहावर काढले. तिसऱ्या दिवशी मी एकवीस कोरी कार्डं आणली आणि कचेरीत डबा खाऊन झाल्यावर लिहायला बसलो.

आता लक्ष देऊन ऐका, वाट इथे लागली.

सहा वर्षांची सवय लागलेला हात होता तो. त्याने आपणहून उजव्या कोपऱ्यात लिहिलं, जावक क्रमांक एक. मग तारीख. मग 'विषय : नागाच्या साक्षात्काराबाबत.' मग नागाचा सगळा मजकूर. आणि शेवटी, 'आपला विश्वासू, वि. द. परब,' खाली मुलुंडचा पत्ता. घरचा का? कारण कचेरीचा पत्ता खासगी कामाला वापरायचा नाही हा नियम मला तोंडपाठ. असा मी प्रामाणिक! एक ते एकवीस नंबर शिस्तीत घातले, कार्डं पेटीत टाकली आणि घरी येऊन आईला सांगितलं, जेव आता. ती जेवली.

चौथ्या दिवशी घाटकोपरचे मावशीचे यजमान आले. हातात कार्ड, कपाळावर आठी.

"लाज वाटत नाही विन्या? घरच्या माणसाला धमकी? आणि वर आपला विश्वासू?"

मी कार्ड ओढून घेऊन बघितलं, खाली माझंच नाव. आईला लिहिता-वाचता बेताचंच येत होतं, पण तिलाही कळलं. "मेल्या," ती म्हणाली, "नागाक तुझो जावक नंबर कित्याक होयो?"

मला वाटलं, चला, एकवीसच तर आहेत. सगळे नातेवाईक नाहीतर ओळखीचे. चार शिव्या खाऊ, विषय संपला.

पण त्या पत्रात काय म्हटलं होतं? एकही अक्षर न गाळता. जसंच्या तसं! लोक इमानदार हो. प्रत्येकाने एकवीस कार्डं लिहिली, आणि प्रत्येक कार्डावर जावक क्रमांक, विषय, आपला विश्वासू वि. द. परब आणि मुलुंडचा पत्ता. ज्यांना ती गेली त्यांनी पुन्हा एकवीस. मी कारकून माणूस, गुणाकार येतो मला. मी तो करत बसलो आणि रात्रभर जागा राहिलो.

पंधरा दिवसांत पोस्टमन कंटाळला. "परब, इलेक्शनला उभे राहताय का?" असं विचारून तो रोज एक गठ्ठा टाकायचा. कुणी लिहायचं, नागाला आमचा नमस्कार सांगा. कुणी कळवायचं, पत्रं लिहिली, मुलगा पास झाला. एकाने तर लेखी स्पष्टीकरणच मागितलं होतं, की आमच्या अख्ख्या बिल्डिंगला जावक क्रमांक चौदा आला आहे, तरी तो अशुभ आहे का ते उलट टपाली कळवावे.

मग माणसं यायला लागली. वर्सोव्याहून एक कोळीण आली, होडीला यश येऊ दे म्हणाली आणि माझ्या हातात दोन पापलेटं ठेवून पाया पडली. दिंडोशीचं एक जोडपं तान्हं बाळ घेऊन आलं, नाव ठेवून द्या म्हणे. मी ओरडून सांगायचो, अहो मी महाराज नाही, मी क्लार्क आहे. ते एकमेकांकडे बघून म्हणायचे, बघ, किती साधे आहेत.

पापलेटं आईने तळली. ती मजेत होती.

माझ्या डोळ्यांसमोर मात्र एकच गोष्ट नाचत होती. हे लोण बोरिवलीला पोचणार. आज नाही तर उद्या. रोज रात्री मला ते फिसकन हसणं ऐकू यायचं आणि वाटायचं, गेलं हातचं. स्वतःच्या हाताने घालवलं, आणि ते नंबर टाकून.

महिना संपायला चार दिवस होते. रविवारी सकाळी गॅलरीत तीन माणसं नारळ घेऊन बसली होती आणि त्यांच्यामागे, काखेत गुंडाळीचा फळा घेऊन, सामंत मास्तर उभे.

"लाइन कुठून आहे?" त्यांनी विचारलं.

मी त्यांना आत घेतलं. त्यांनी खिशातून पाच पोस्टकार्डं काढून टेबलावर पत्त्यांसारखी मांडली.

"ही मला आलेली. पाठवणारे कोण? माझेच विद्यार्थी. तीस वर्षं विज्ञान शिकवलं त्यांना. आणि खाली नाव कुणाचं? मांजराशी गप्पा मारणाऱ्याचं. विश्वास आहे तुमचा यावर?"

"नाही सर."

"मग लिहिलंत का?"

"आई जेवत नव्हती."

"बरं. आणि सही का केलीत?"

मी म्हटलं, "सर, सही नसलेलं पत्र मी आजवर पुढे पाठवलं नाही. हाताला माहीतच नाही." संपलंच होतं सगळं, मग म्हटलं, बोलून घेऊ. "तुमचं बरोबर आहे. मी भोळसट आहे. पण सुनंदाताईंना सांगा, फसवायचं म्हणून तेव्हा बोललो नव्हतो."

लग्नाच्या मुलीला ताई म्हटलं मी. म्हणजे बघा माझी अवस्था.

मास्तरांनी सहावं कार्ड काढलं. "हे आमच्या शेजारच्या दळवीबाईंना आलं. काल कौतुकाने दाखवत होत्या. अक्षर ओळखता?"

"नाही."

"मी ओळखतो. मी गिरवून घेतलंय ते. सुनंदाचं आहे."

ते खुर्चीत खचल्यासारखे बसले. "एक कार्ड तिच्या हाताला लागलं, तिने खाली तुमचं नाव वाचलं आणि माझ्याच घरात, माझ्याच टेबलावर बसून एकवीस लिहिली. म्हटलं, काय गं, विश्वास आहे तुझा? तर म्हणाली, नागावर नाही."

माझ्या काही डोक्यात शिरेना. "मग कशावर?" मी विचारलं.

मास्तरांनी हताश होऊन माझ्याकडे पाहिलं. स्वयंपाकघरातून आई मात्र पदराला हात पुसत, साखरेची वाटी घेऊनच बाहेर आली.

लग्न झालं. दीड महिन्यात. मास्तरांनी अट एकच घातली. त्यांच्या प्रत्येक भाषणात मी उभं राहायचं, माझं पोस्टकार्ड खड्या आवाजात वाचायचं, आणि असली पत्रं कोण लिहितं याचा जिवंत नमुना म्हणून श्रोत्यांना दाखवून घ्यायचं. कबूल केलं. सुनंदासाठी याहून स्वस्तात काय मिळणार होतं?

पहिलं भाषण गोरेगावच्या एका शाळेत झालं. झकास झालं. मास्तरांनी जावई म्हणून ओळख करून दिली, मी वाचलं, लोक पोट धरून हसले, मास्तरांनी फळ्यावर एकवीस गुणिले एकवीस करून दाखवलं. टाळ्या पडल्या. मास्तर फळा पुसायला वळले, तेवढ्यात पुढच्या रांगेतली एक बाई माझ्याजवळ आली. साधी, दमलेली, बाजाराची पिशवी हातात.

"खरंच तुमचं लग्न झालं त्याच्यानंतर?" तिने हळू विचारलं.

"झालं."

"मुलगी चांगली मिळाली?"

मी सुनंदाकडे बघितलं. ती खुर्च्या आवरत होती. "फार चांगली," मी म्हटलं.

"आणि हे मास्तर, त्यांनापण जावई मिळाला ना?" बाई म्हणाली. "म्हणजे दोन्हीकडच्यांना लागू पडतं. माझ्या मुलीचं तीन वर्षं जमत नाहीये हो. एवढ्या शिकलेल्या माणसाच्या घरात कार्य झालं, मग आमच्या का नाही होणार?"

तिने पिशवीतून एक कोरं पोस्टकार्ड काढलं, बाकावर ठेवलं आणि लिहायला घेतलं. तिचं पेन काही चालेना. दोनदा झटकलं, तरी नाही.

मी काय करायला हवं होतं, ते मला माहीत आहे. तासभर मीच ते लोकांना सांगत होतो.

मी तिला माझं पेन दिलं.